पडणाऱ्या माणसाचा चेहरा

गेल्या पावसाळ्यातली एक रात्र. जेवणे उरकली होती, आई दुसऱ्या दिवसासाठी लसूण सोलत बसली होती आणि टीव्हीवर 'द लास्ट समुराई' हिंदीतून चालू होता. टॉम क्रूझने साकारलेला अमेरिकन कॅप्टन अल्ग्रेन जपानी डोंगरातल्या एका गावात कैदी म्हणून राहतो, तेव्हा एक हडकुळा, वयस्क समुराई पहारेकरी म्हणून सतत त्याच्या पाठोपाठ फिरत असतो. अल्ग्रेन त्याला डिवचतो, त्याचे नाव विचारतो आणि उत्तर येत नाही म्हणून त्याला आपल्या मनानेच 'बॉब' म्हणू लागतो. तो माणूस तरीही अवाक्षर काढत नाही. शेवटच्या लढाईत मात्र 'अल्ग्रेन-सान!' अशी एकच हाक मारून तो झेपावतो, अल्ग्रेनवर येणारी गोळी स्वतःच्या अंगावर घेतो आणि पडतो. आईचे हात तिथे थांबले. "गेला गं तो गप्प माणूस," ती म्हणाली, आणि थोड्या वेळाने, "नाव काय त्याचं?" मी म्हटले, बॉब. "ते नाही. त्याचं स्वतःचं." चित्रपट संपला, श्रेयनामावली पडद्याच्या एका कोपऱ्यात आक्रसली आणि उरलेल्या जागेत वॉशिंग पावडरची जाहिरात सुरू झाली. आई लसणाची ताटली उचलून आत गेली. मला मात्र तो प्रश्न काही सोडेना. टॉम क्रूझ, केन वातानाबे, सानादा हिरोयुकी अशी मोठी मंडळी पडद्यावर असताना आईने नाव विचारले ते एकट्या त्याचे.

त्याचे नाव फुकुमोतो सेइझो. जन्म 3 फेब्रुवारी 1943, ह्योगो प्रांतातल्या कासुमी या, 'जपानचा समुद्र' म्हणतात त्याच्या काठच्या गावी. तो किनारा आपल्याकडे माहीत असलेल्या जपानपेक्षा निराळा आहे. टोकियो-ओसाकाची झगमग पर्वतांच्या पलीकडे राहते आणि हिवाळ्यात इकडे बर्फ, करडा समुद्र आणि खेकड्यांनी भरलेल्या होड्या एवढेच दृश्य असते. माध्यमिक शाळा संपवून वयाच्या पंधराव्या वर्षी हा मुलगा क्योतोला एका नातेवाइकाच्या तांदळाच्या दुकानात कामाला गेला. गिऱ्हाइकांशी बोलणे त्याला जमेना. मग ओळखीतून त्याला तोएई कंपनीच्या क्योतोतल्या स्टुडिओत चिकटवण्यात आले. अभिनयाचे वेड, नट व्हायची स्वप्ने, घरातून पळून जाणे, यातले त्याच्या गोष्टीत काही नाही. दुकानात रमत नसलेल्या मुलाला कुठेतरी कामाला लावायचे होते, आणि त्या वर्षांत क्योतोमध्ये ज्या एका ठिकाणी सतत माणसे लागत होती ते ठिकाण म्हणजे फिल्म स्टुडिओ.

किती माणसे लागत असतील याचा अंदाज यावा म्हणून दोन आकडे सांगते. 1958 साली जपानमध्ये चित्रपटांची सुमारे 112 कोटी तिकिटे खपली. देशाची लोकसंख्या तेव्हा साधारण सव्वानऊ कोटी होती, म्हणजे तान्ह्या मुलांपासून म्हाताऱ्यांपर्यंत प्रत्येकाने सरासरी महिन्याला एक चित्रपट पाहिला. 1960 साली तिथे 547 चित्रपट तयार झाले. यांतला फार मोठा वाटा जुन्या काळच्या तलवारींच्या कथांचा, ज्यांना तिकडे 'जिदाईगेकी' म्हणतात, आणि त्यांचे आगर म्हणजे क्योतोच्या पश्चिमेचा उझुमासा हा भाग. रस्त्यावरून धावणारी छोटी ट्राम, कोर्यूजी हे प्राचीन देऊळ, त्यातली ध्यानस्थ मैत्रेयाची लाकडी मूर्ती, आणि त्याच गल्ल्यांमध्ये एकापाठोपाठ एक स्टुडिओ. 'राशोमोन' ज्या दाईएई कंपनीने काढला तिचा स्टुडिओही इथलाच. तोएईने 1954 पासून दर आठवड्याला दोन चित्रपटांची जोडी चित्रगृहांना पुरवायचा धडाका लावला होता. एकेका नायकाने शेवटच्या रिळात वीस-तीस शत्रू कापायचे असतील, तर आठवड्याला किती शत्रू लागतील याचा हिशेब ज्याचा त्याने करावा.

हे शत्रू स्टुडिओतल्या एका मोठ्या खोलीत राहत. नायक-नायिकांना स्वतंत्र खोल्या असत आणि बाकी सर्वांसाठी एक सामाईक मोठे दालन. त्या दालनावरूनच या नटांना 'ओबेया'चे नट म्हणत. सकाळी फळ्यावर पाहायचे की आज आपण कोण: वाटसरू, हमाल, शिपाई, गुंड किंवा प्रेत. टोप चढवायचा, किमोनो नेसायचा, कमरेला बांबूच्या पात्यावर रुपेरी वर्ख चढवलेली तलवार अडकवायची आणि ज्या सेटवर हाक येईल तिकडे धावायचे. फुकुमोतो त्या खोलीत शिरले ते वयाच्या पंधराव्या वर्षी आणि एका अर्थाने तिथून कधी बाहेर पडलेच नाहीत.

पुण्यात कॉलेजात असताना मी फिल्म क्लबच्या खेळांना जात असे. जपानी सिनेमा आम्हाला तिथेच भेटला आणि तो तीन नावांनी भेटला: कुरोसावा, ओझू, मिझोगुची. अंधाऱ्या सभागृहात प्रोजेक्टरची घरघर, रिळाच्या कडेने चढत जाणाऱ्या ओरखड्यांच्या रेघा, खाली इंग्रजी अक्षरे वाचण्याची धांदल आणि बाहेर आल्यावर चहाच्या टपरीवर रंगलेल्या चर्चा. त्या चर्चांत आम्ही दिग्दर्शकाच्या नजरेविषयी बोललो, तोशिरो मिफुने या नटाच्या चालण्याविषयी बोललो, पावसातल्या चिखलाविषयी तर फारच बोललो. त्या चिखलात कोण पडले होते याविषयी कुणी कधी काही बोलल्याचे मला आठवत नाही. आमच्यापर्यंत आलेला जपान हा महोत्सवांमधून गाळून आलेला जपान होता. जो सिनेमा कोट्यवधी जपानी माणसे दर आठवड्याला पाहत होती, ज्यात तेच ते नायक त्याच त्या खलनायकांना त्याच त्या पुलावर कापत होते, त्याचे एक रीळही आमच्यापर्यंत पोहोचले नाही. त्यामुळे फुकुमोतोंसारखा माणूस आमच्या नजरेस पडण्याचा प्रश्नच नव्हता. तो त्या दुसऱ्या सिनेमाचा माणूस होता.

आईने विचारल्यानंतर मी तो दुसरा सिनेमा पाहू लागले. चित्रपट मिळतील तसे, आणि दूरचित्रवाणीवरच्या मालिका तर ढिगाने. मात्सुदाइरा केन याने अनेक वर्षे रंगवलेली, वेषांतर करून लोकांत फिरणाऱ्या शोगुनाची, म्हणजे जुन्या जपानच्या लष्करी सत्ताधीशाची, मालिका त्यातलीच एक. प्रत्येक भागाच्या शेवटी शोगुन स्वतःची ओळख देतो, दुष्ट सरदार ती मान्य करण्याऐवजी आपल्या माणसांना त्याच्यावर सोडतो आणि मग संगीत सुरू होते. सुरुवातीला मी त्या झुंबडीत फुकुमोतोंना शोधत असे. काही दिवसांनी शोधावे लागेना. खोल गेलेली गालफडे, वर आलेली हाडे, टक लावून पाहणारे डोळे. डझनभर माणसांमध्ये तो एकटा माणूस खरोखर मारायला आल्यासारखा दिसतो. आणि मग तो मरतो.

त्याच्या मरणाचे काय सांगू? एक दृश्य मी मागेपुढे करून इतक्यांदा पाहिले आहे की डोळे मिटले तरी दिसते. नायकाची तलवार डावीकडून उजवीकडे जाते. क्षणभर फुकुमोतो तसेच उभे राहतात. तलवार निघून गेली आहे आणि शरीराला अजून बातमी पोहोचलेली नाही. मग डोळे विस्फारतात, हनुवटी वर जाते, मान मागे पडते आणि पाठीचा कणा कंबरेपासून उलट्या दिशेला वाकू लागतो. गुडघे किंचित दुमडलेले, टाचा उचललेल्या, छाती आकाशाकडे. शरीराची पूर्ण कमान होते आणि त्या कमानीत ते एक-दोन ठोके टिकतात. हवेत कशाचाही आधार नसताना माणूस असा कसा थांबू शकतो, हे कळत नाही. मग ते तसेच मागच्या मागे जमिनीवर आदळतात, हात टेकवून स्वतःला वाचवल्याशिवाय. खाली कधी फरशी असते, कधी खडी, कधी भिजलेली माती. काबुकी या जुन्या जपानी नाट्यप्रकाराच्या रंगमंचावरून आलेले 'एबिझोरी' हे नाव त्या कमानीला आहे, कोळंबीसारखी उलटी वळलेली म्हणून. ते नाव जुने असले तरी तलवारपटांत ती फुकुमोतोंच्याच नावाने ओळखली जाते.

घाव त्यांच्या पाठीत तयार होतो, हे मला ते दृश्य संथ करून पाहिल्यावर कळले. नायकाने केवळ एक वर्ख लावलेली कामटी हवेतून फिरवलेली असते, तीही समोरच्या शरीरापासून अंतर राखून. कॅमेरा अशा कोनात ठेवलेला असतो की ते अंतर दिसू नये. पात्याला वजन नाही, धार नाही. तलवार मांसातून जातानाचा आवाज नंतर चढवलेला, आणि तोही 1961 च्या, कुरोसावांच्या 'योजिंबो' चित्रपटापर्यंत कुणी चढवत नसे. म्हणजे नायकाच्या वारात किती ताकद होती हे प्रेक्षकाला कळण्याचे साधन एकच: ज्याला वार लागला त्याचे शरीर. तो कसाबसा कोसळला तर नायक कुचकामी दिसतो. तो घाईने कोसळला तर नाटक उघडे पडते. या मारामाऱ्या बसवणाऱ्या फाइट मास्टरांच्या भाषेत मध्यभागी लढणाऱ्या नायकाला 'शिन' म्हणतात, म्हणजे गाभा, आणि त्याच्यावर तुटून पडणाऱ्यांना 'कारामी'. गाभ्याने आपली चाल विसरली, पाऊल चुकले, वेळ हुकली, तर ते सांभाळून घेण्याची जबाबदारी कारामीची. नायक दमला आहे हे त्याच्या श्वासावरून ओळखून वार हळू घालायचा, त्याची तलवार येत नसेल तर आपण तिच्यापर्यंत जायचे, आणि यातले काहीही दिसू द्यायचे नाही. मैफलीत गायक समेवर येतो तेव्हा दाद गायकाला जाते आणि ती सम ज्या ठेक्यावर उभी असते तो वाजवणारा खाली मान घालून वाजवत राहतो, तसेच हे.

पण फुकुमोतोंनी मान खाली घातली नाही.

इथे मी अडखळते आणि या माणसाविषयी लिहावेसे वाटले ते याच अडखळण्यामुळे. ती कमान नीट पाहिली की एक गोष्ट लक्षात येते. कॅमेऱ्याकडे पाठ असलेला माणूस पुढे कोसळला तर त्याचा चेहरा कुणालाच दिसत नाही, आणि नायकावर धावून जाणाऱ्यांची पाठ कॅमेऱ्याकडे असणे हा तर या धंद्याचा नेम. चेहरा नायकाचा दिसायला हवा. पण पाठ असतानाच कुणी मागे वाकले, पूर्ण वाकले, तर त्याचे डोके उलटे होऊन थेट कॅमेऱ्यासमोर येते. सरत्या क्षणी, डोळे उघडे ठेवून, तो प्रेक्षकाकडे पाहतो. म्हणजे नायकाचा वार मोठा करणारी ही हालचाल पडणाऱ्याचा चेहरा दाखवणारीही होती. फुकुमोतोंनी ती जाणूनबुजून घडवली. चॅप्लिनचे चित्रपट पाहून त्यांना पडण्याचे महत्त्व उमगले होते. चॅप्लिन इतक्या जोरात आपटतो की प्रेक्षकाला त्याचे दुखणे जाणवते आणि म्हणूनच लोक हसतात, तर मग आपणही खरेच दुखेल असे पडायला हवे, अशी ती शिकवण. तरुणपणी कधीतरी पडद्यावर आपला चेहरा दिसावा, गावाकडच्या माणसांनी तो ओळखावा, एवढी साधी इच्छा कुठल्या नटाला नसते? त्या इच्छेसाठी त्यांनी नायकाच्या वाटचा एक तसूही हिरावला नाही. उलट त्याला अधिक दिले आणि त्या देण्याच्या आतच स्वतःसाठी दोन ठोक्यांची जागा करून घेतली.

याला सेवा म्हणावे की महत्त्वाकांक्षा, यावर मी बरेच दिवस घोटाळले आहे. आपल्याकडे अशा माणसांविषयी लिहिताना 'निष्काम' हा शब्द लगेच पुढे सरसावतो. तो मला इथे खोटा वाटतो. त्या उलट्या चेहऱ्यात मला कामना दिसते, चांगली ठणठणीत कामना, फक्त शिस्तीत वाढलेली. स्वतःला पुसून टाकणारा माणूस इतका जीव तोडून पडणार नाही. आणि नुसती हौस असलेला माणूस पन्नास वर्षे त्या खोलीत टिकणार नाही.

टिकणे सोपे नव्हते. 1963 पर्यंत जपानमधली तिकीटविक्री 51 कोटींवर आली, पाच वर्षांत निम्म्याहूनही खाली. घराघरांत टीव्ही आला होता. तोएईने तलवारी खाली ठेवून आधी खानदानी याकुझांच्या, म्हणजे जपानी गुन्हेगारी टोळ्यांच्या, आणि 1973 पासून, फुकासाकू किंजी यांच्या चित्रपटांपासून, रस्त्यावरच्या टोळीयुद्धांच्या कथा धरल्या. फुकुमोतो त्यातही मेले. तलवारीऐवजी आता पिस्तुलाने. तोएईने 1975 साली स्टुडिओचाच एक भाग प्रेक्षकांना खुला करून तिथे चित्रपटनगरी उभी केली, सहलीला आलेली मुले खोट्या एदो शहरातून, म्हणजे जुन्या टोकियोतून, आइसक्रीम खात फिरू लागली. जिदाईगेकी दूरचित्रवाणीवर गेले आणि तिथे आणखी काही दशके तगले. त्या सगळ्या काळात फुकुमोतोंची बढती झाली नाही, किंवा झाली असे म्हणायचे तर इतकीच की झुंबडीतल्या पहिल्या बळींऐवजी ते शेवटच्या बळींमध्ये येऊ लागले, सरदाराचा उजवा हात असलेला भाडोत्री तलवारबाज म्हणून. शेवटून दुसरे मरण हे या धंद्यात मोठे पद आहे. त्यानंतर फक्त मुख्य खलनायक मरतो.

पुढे लोकांनी त्यांना एक बिरुद दिले: पन्नास हजार वेळा मारला गेलेला माणूस. हे बिरुद मला फारसे आवडत नाही. पन्नास वर्षांच्या कारकिर्दीत पन्नास हजार म्हणजे वर्षाला हजार, रोजचे जवळजवळ तीन मृत्यू, सणवार न पाळता. मोठ्या संख्येत विक्रमाचा वास येतो, जत्रेतल्या बोर्डासारखा, आणि पाहणारा माणूस मोजायला लागला की पाहणे थांबवतो. त्यापेक्षा त्यांच्या आयुष्यावरच्या पुस्तकाचे शीर्षक मला जवळचे वाटते. कुठेतरी कुणीतरी आपल्याला पाहत असते, अशा अर्थाचे ते आहे. प्रेक्षकाचे लक्ष नायकावर आहे हे पक्के ठाऊक असताना, आपण फ्रेमच्या कडेला, कदाचित फोकसच्याही बाहेर असताना, तरीही कुणीतरी पाहत असेल या भरवशावर खडीवर डोके आपटायचे. हा भरवसा मला श्रद्धेच्या जवळ जाणारा वाटतो. लसूण सोलता सोलता माझी आई त्या भरवशाला खरी उतरली, इतक्या दूर आणि इतक्या वर्षांनी, हे मनात आले की बरे वाटते आणि वाईटही वाटते. कारण असे किती पडले असतील ज्यांच्याकडे कुठेही कुणीही पाहिले नाही?

'द लास्ट समुराई' पडद्यावर आला ते 2003 हे साल त्यांच्या साठीचे. तोएईच्या नियमानुसार निवृत्तीचेही तेच. आयुष्यभर क्योतोच्या एका कोपऱ्यात पडत आलेला माणूस न्यूझीलंडच्या तारानाकी प्रांतातल्या कुरणांवर, हॉलीवूडच्या अवाढव्य ताफ्यात, जवळजवळ संवादाशिवाय उभा होता. आता तो चित्रपट पुन्हा पाहताना लक्षात येते की तिथेही त्यांनी आपलेच काम केले. अल्ग्रेन बडबडतो, ते ऐकतात. अल्ग्रेन चालतो, ते त्याच्या मागे ठरावीक अंतर राखून चालतात. ते अंतर इतके अचूक आहे की ते राखणाऱ्याची सवय किती जुनी असेल हे सहज कळावे. मौनाच्या त्या भूमिकेतून अल्ग्रेन हळूहळू माणसात येतो आणि आपल्याला तो आवडू लागतो. पुन्हा गाभा दुसराच आणि त्याला वजन देणारे हे. फरक एवढाच की या वेळी कॅमेरा त्यांच्या चेहऱ्याकडे स्वतःहून गेला, त्यांना मागे वाकावे लागले नाही.

निवृत्तीनंतरही ते काम करत राहिले, पण कामच संपत आले होते. 1969 पासून चालत आलेली 'मितो कोमोन' ही मालिका डिसेंबर 2011 मध्ये बंद झाली आणि दर आठवड्याच्या जुन्या धाटणीच्या तलवारीच्या मालिकांचे युग तिच्याबरोबर संपले. बातम्यांत तेव्हा मालिका बंद झाल्याचे आले. त्या मालिकांवर जगणाऱ्या माणसांची गोष्ट बातमीत मावणारी नव्हती: टोप विंचरणारे, ते कपाळाला सांधा न दिसता बसवणारे, किमोनोची गाठ त्या त्या शतकाप्रमाणे बांधणारे, गवती चपला पुरवणारे, घोडे सांभाळणारे आणि पडणारे. ही विद्या पुस्तकात नसते. आठवड्याचे चित्रीकरण थांबले की शिकाऊ माणसाला शिकायला जागा राहत नाही, आणि एक पिढी मध्ये रिकामी गेली की पुढच्या पिढीला काय विचारायचे हेही ठाऊक नसते.

2014 साली, ओचिआइ केन या तरुण दिग्दर्शकाच्या 'उझुमासा लाइमलाइट' या चित्रपटात फुकुमोतोंना आयुष्यातली पहिली मुख्य भूमिका मिळाली. नाव चॅप्लिनच्या 'लाइमलाइट'वरून. पटकथाकार ओनो हिरोयुकी हे चॅप्लिनचेच अभ्यासक. कामियामा नावाचा एक म्हातारा 'पडणारा' नट, बंद पडणारी मालिका, त्याच्याकडून तलवार शिकू पाहणारी एक मुलगी. मुलगी पुढे नायिका होते आणि शेवटी तिला आपल्या गुरूलाच कापायचे असते. यामामोतो चिहिरो या वूशू ही चिनी युद्धकला शिकलेल्या मुलीने ती भूमिका केली आहे, आणि तिच्या अंगातली चपळाई व त्यांच्या अंगातला संथ नेमकेपणा समोरासमोर येतात तेव्हा चित्रपट आपोआप उंच जातो. कॅनडात माँट्रियलच्या फँटेझिया महोत्सवात त्यांना सर्वोत्कृष्ट अभिनेत्याचा पुरस्कार मिळाला. वय 71.

या चित्रपटाविषयी माझ्या मनात दोन भावना आहेत आणि त्या एकमेकींशी भांडतात. एक आनंदाची. त्या चेहऱ्यावर कॅमेरा शेवटी दीड तास थांबला, हे न्यायाचे वाटते. लाकडी तलवार हातात घेऊन ते एकटे सराव करतात तेव्हा त्यांच्या मनगटाच्या शिरा दिसतात, पाय जमिनीवर सरकतानाचा आवाज ऐकू येतो, आणि इतकी वर्षे आपण हे का पाहिले नाही असे वाटते. दुसरी भावना अस्वस्थतेची. चित्रपट त्यांच्याकडे आदराने पाहतो, थोडा जास्तच आदराने. संगीत दाटून येते, लोक झुकून नमस्कार करतात आणि फुकुमोतो त्या सगळ्यात काहीसे अवघडलेले दिसतात. भूमिकेसाठी अवघडलेपण शोभते, पण ते निव्वळ अभिनयाचे नसावे असे मला वाटते. मध्यभागी उभे राहण्याची त्या शरीराला सवय नाही. समोर कुणी मुलगी, कुणी जुना सहकारी आला की ते नकळत अर्धे पाऊल मागे जातात, समोरच्याला जागा देतात, आणि त्या दृश्यांत ते सर्वांत सुंदर दिसतात. मुख्य भूमिका मिळाल्यामुळे फुकुमोतो मोठे झाले असे आपण म्हटले, तर आधीची सगळी वर्षे निव्वळ प्रतीक्षा ठरतात. ती तशी नव्हती. ज्या मालिकांच्या भागांची नावेही आज कुणाला आठवत नाहीत, त्यांच्या शेवटच्या चार मिनिटांत त्यांनी केलेले काम पूर्ण होते. पुरस्कार त्याच्यानंतर आला, त्याच्यामुळे आला.

1 जानेवारी 2021 रोजी, फुप्फुसाच्या कर्करोगाने, वयाच्या 77व्या वर्षी ते क्योतोमध्ये वारले. जपानमध्ये नववर्षाचा दिवस हा कुटुंबाने एकत्र बसून जेवायचा दिवस असतो आणि जुन्या काळी त्या दिवसांत घरोघर टीव्हीवर लांबलचक समुराईपट चालू असत, ज्यांत संध्याकाळपर्यंत फुकुमोतो कुठल्या ना कुठल्या पुलावर पडलेले असत.

त्यांच्यासाठी ठरलेली एक भूमिका त्यांच्याविना राहिली. यासुदा जुनइची नावाचे एक दिग्दर्शक, जे चित्रपटांबरोबर स्वतःची भातशेतीही करतात, एका समुराईची गोष्ट घेऊन आले होते. एदो काळाच्या, म्हणजे शोगुनांच्या राजवटीच्या, अखेरचा हा समुराई विजेच्या कडकडाटात आजच्या तोएई स्टुडिओत येऊन पडतो आणि पोटासाठी तलवारपटांत पडणारा नट होतो. त्याला पडायला शिकवणाऱ्या फाइट मास्टरची भूमिका फुकुमोतो करणार होते. (तांदळाच्या दुकानात रमला नाही म्हणून स्टुडिओत आलेल्या मुलाला अखेरची हाक भात पिकवणाऱ्या माणसाकडून यावी, याचे मला राहून राहून नवल वाटते.) ते गेल्यावर ती भूमिका मिने रानतारो यांनी केली. मिने रानतारो हेही क्योतोतले जुने पडणारे नट, फुकुमोतोंबरोबर त्याच दालनात कपडे बदललेले. यासुदांकडे पैसे बेताचे होते, स्टुडिओतल्या जाणत्या मंडळींनी हात दिला. ऑगस्ट 2024 मध्ये टोकियोतल्या एका लहान चित्रगृहात हा चित्रपट लागला, लोकांनी तोंडोतोंडी तो पसरवला आणि बघता बघता देशभरातल्या तीनशेहून जास्त चित्रगृहांत पोहोचला. मार्च 2025 मध्ये त्याला जपान अकादमीचा सर्वोत्कृष्ट चित्रपटाचा पुरस्कार मिळाला.

त्यात सरावाची एक जागा आहे. नव्याने आलेला तो समुराई, ज्याने खरी तलवार चालवलेली आहे, मारले जाण्याची तालीम करू लागतो आणि त्याला ते जमत नाही. घाव यायच्या आधीच त्याचा हात आपसूक प्रतिकाराला उठतो. जन्मभर जिवंत राहण्याचे शिक्षण घेतलेले शरीर पडायला तयार होत नाही. मिने रानतारो त्याला पुन्हा उभे करतात, पुन्हा वार घालतात, पुन्हा सांगतात. चित्रगृहात लोक इथे हसले असतील आणि ते हसणे योग्यच आहे. मी मात्र त्या क्षणी मिने यांच्या पायांकडे पाहत होते. ते वार घालणाऱ्याच्या जागी उभे होते, पण वजन मागच्या टाचेवर होते, केव्हाही मागे पडता येईल असे.

चित्रपट संपल्यावर मी आईला सगळे सांगितले: नाव, गाव, तांदळाचे दुकान, ती कमान. तिने 'फुकुमोतो' हे नाव एकदा नीट म्हणून पाहिले आणि विचारले, त्यांचे आणखी काय पाहायला मिळेल. शोगुनाच्या त्या मालिकेचे बरेच भाग अजून बाकी आहेत. आम्ही आता ते क्रमाने पाहतो आहोत, आणि शेवटची मारामारी सुरू झाली की शोगुनाकडे आम्हा दोघींपैकी कुणाचेच लक्ष नसते.